भाकरी मोडते, कारण तू तिला पोळी समजतोस

प्रश्न असा आला आहे: ‘काकू, मी जर्मनीत राहतो. घरात विजेची शेगडी आहे, वरून सपाट काच, जाळ नाही. इथल्या भारतीय दुकानातून ज्वारीचं पीठ आणलं, कोमट पाण्यात मळलं, अर्धा तास झाकून ठेवलं. थापताना कडा फाटल्या. तव्यावर टाकताना एकीचे दोन तुकडे झाले. जी अख्खी राहिली ती फुगली नाही आणि निवल्यावर खापरासारखी कडक झाली. गावाकडे आजी पाच मिनिटांत करायची. माझं कुठे चुकतंय?’

अरे, तुझं चुकलंय ते त्या ‘अर्धा तास झाकून ठेवलं’मध्येच. बाकीच्या चुका आहेत, त्या मी पुढे काढतेच, पण मूळ हे. तू पोळीची कणीक भिजवल्यासारखी भाकरी भिजवलीस. पुण्यात माझं पोळी-भाकरी केंद्र आहे, बावीस वर्षं झाली. कामाला येणाऱ्या बायका बहुतेक पोळ्यांवर हात बसलेल्या असतात, आणि भाकरीला बसवलं की पहिले आठ दिवस त्यांचंही हेच होतं. पोळीला जे जे चांगलं, ते ते भाकरीला मारक. पोळीची कणीक मुरवायची, भाकरीचं पीठ मुरू द्यायचं नाही. पोळीला तेलाचा हात, भाकरीला पाण्याचा. पोळ्यांची कणीक एकदम मळून ठेवायची, भाकरीचं पीठ एकेका भाकरीपुरतं. तुझी आजी पाच मिनिटांत करायची ते उगाच नाही, भाकरीला थांबणं सोसतच नाही.

कारण सांगते. गव्हात ग्लुटेन असतं. कणीक मळली की त्याची जाळी बनते, ती ताणली जाते, आणि थोडा वेळ ठेवली की सैल पडते. म्हणून मुरलेली कणीक लाटायला लोण्यासारखी. ज्वारीत हे ग्लुटेन नाहीच. पीठ धरून ठेवतो तो तिच्यातला स्टार्च, आणि तो चिकट होतो गरम पाण्याने. साधारण सत्तर अंशांच्या आसपास स्टार्च फुगायला, शिजायला लागतो. उकळतं पाणी पिठात पडलं की पिठाच्या गारव्याने ते लगेच निवतं, तरी थोडं पीठ तेवढ्यात शिजून जातं, आणि तेवढंच बाकीच्या पिठाला बांधून ठेवायला पुरतं. कोमट पाणी तिथवर पोचतच नाही. मग तू पीठ कितीही रगड, ते ओल्या वाळूसारखं राहणार. आणि झाकून ठेवलंस की आत पीठ पाणी पीत राहतं, गोळा कोरडा पडतो, थापायला घेतला की कडा उलतात.

आता पीठ. तू पाकिटावरची तारीख सांगितलीच नाहीस, आणि माझा पहिला संशय तिथेच आहे. ज्वारीचं पीठ जुनं झालं की आम्ही म्हणतो ‘पीठ विरी गेलं’. दिसायला तसंच पांढरं, पण चिकटपणा गेलेला. गिरणीतून आणलेलं पीठ आमच्याकडे आठ-दहा दिवसांच्या वर ठेवत नाही, उन्हाळ्यात त्याहून कमी. तुझ्या पाकिटातलं पीठ दळून, बोटीतून येऊन, दुकानात बसून किती महिने झाले कोण जाणे. पारख सोपी आहे. चिमूटभर कोरडं पीठ जिभेवर ठेव. कडसर लागलं तर त्यातला स्निग्धांश खवट झालाय, ते टाकून दे, कितीही आधण घातलं तरी कडवटपणा जाणार नाही. कडू नसेल तर दोन चमचे पीठ गरम पाण्यात मळून लिंबाएवढी गोळी कर आणि दोन बोटांत चपटी दाब. कडेला बारीक चिरा पडल्या तर पीठ विरीकडे झुकलंय, पण उकड काढून, म्हणजे उकळत्या पाण्यात पीठ घालून झाकून, वापरता येईल. कड गुळगुळीत राहिली तर तुझं नशीब चांगलं.

हे मी अनुभवाने सांगतेय. केंद्र सुरू करून दुसरंच वर्ष होतं. एका हुरडा पार्टीच्या दीडशे भाकऱ्यांची ऑर्डर आली. आमची नेहमीची गिरणी दोन दिवस बंद होती, म्हणून दुसरीकडून दळलेलं तयार पीठ आणलं, ‘कालच दळलंय’ या बोलीवर. पहाटे चारला पहिला उंडा थापला आणि परातीतच त्याचे चार भाग झाले. दुसऱ्याचं तेच. माझ्याबरोबर दोघी होत्या, तिघी एकमेकींकडे बघत राहिलो. शेवटी मोठ्या पातेल्यात पाणी उकळून सगळ्या पिठाची उकड काढली आणि दीडशेच्या दीडशे भाकऱ्या लाटण्याने लाटल्या. लोकांनी खाल्ल्या, वाखाणल्याही. मला मात्र त्या दिवशी कळलं की पीठ घेताना बोली ऐकायची नसते, चिमूट चाखायची असते.

परदेशात राहणाऱ्यांना मी सांगते, जमलं तर पिठाऐवजी अख्खी ज्वारी घ्या. दाणा वर्षभर टिकतो, पीठ नाही. घरगुती चक्की असेल तर प्रश्नच मिटला. नसेल तर चांगल्या दणकट मिक्सरमध्ये थोडी थोडी ज्वारी दळून बारीक चाळणीने चाळ, वर राहिलेली भरड परत फिरव. मिक्सर तापला की थांब, पीठही तापतं. पीठच घ्यायचं असेल तर लहान पाकीट घे, उघडल्यावर डब्यात घट्ट बंद करून फ्रीझरमध्ये ठेव आणि लागेल तेवढंच बाहेर काढ. तिकडच्या दुकानांत ‘सोरघम’ म्हणून मिळणारं पीठ ज्वारीचंच असतं, पण ते बहुधा केक-बिस्किटांच्या हिशोबाने दळलेलं असतं. रवाळ लागलं तर चाळून घे.

ज्वारी-ज्वारीतही फरक आहे. मी बार्शीकडची, त्यामुळे माझ्या बोलण्यात पक्षपात असणार हे आधीच कबूल. आमच्याकडे भाकरी म्हणजे रब्बीची, शाळूची. त्यातही मालदांडी. हा वाण सोलापूर जिल्ह्यातल्या मोहोळच्या संशोधन केंद्रावर स्थानिक ज्वारीतून निवडून काढलेला, 1930च्या दशकातला, आणि एम 35-1 या नावाने अजून शेतात उभा आहे. मंगळवेढ्याच्या काळ्या रानातल्या ज्वारीला 2016मध्ये भौगोलिक मानांकनही मिळालं. रब्बीचा दाणा कोरड्या हवेत पिकतो, म्हणून मोत्यासारखा राहतो. खरिपाच्या ज्वारीवर कणसात असतानाच पाऊस पडला की दाणा काळा पडतो, भाकरी करडी होते आणि चवही उतरते. 1964मध्ये सीएसएच-1 हे आपल्याकडचं ज्वारीचं पहिलं संकरित बियाणं आलं, पुढे ‘हायब्रीड’ हा शब्द खेडोपाडी पोचला. उत्पन्न वाढलं, पण हायब्रीडची भाकरी म्हटलं की घरातली जुनी माणसं नाक मुरडायची. आणि 1972च्या दुष्काळात परदेशातून आलेल्या मिलोचं, म्हणजे लाल ज्वारीचं, नाव काढलं तर माझी आई आजही विषय बदलते. तुला हे सगळं जर्मनीत निवडायला मिळणार नाही, पण पाकिटावर ‘मालदांडी’ किंवा ‘शाळू’ दिसलं तर दोन पैसे जास्त गेले तरी तेच उचल.

आता कृती, आणि ती एका भाकरीची. भाकरी दहा करायच्या असल्या तरी कृती एकीचीच असते, ती दहादा करायची.

आधी पाणी उकळत ठेव आणि ते शेवटच्या भाकरीपर्यंत गरम राहू दे. सपाट वाटीभर पिठाच्या दोन मध्यम भाकऱ्या होतात. परातीत अर्धी वाटी पीठ घे, मध्ये खळगा कर, त्यात उकळतं पाणी थोडं थोडं ओत आणि चमच्याने कालव. पिठाला पिठाच्या पाऊणपट ते जवळजवळ बरोबरीने पाणी लागतं. नेमका आकडा मी सांगू शकत नाही, कारण तो तुझ्या पिठाच्या वयावर आहे. जुनं पीठ जास्त पितं. हात सोसेल इतकं निवलं की मळायला घे. आणि इथे दया करू नकोस. तळहाताच्या मुळाशी जो मांसल भाग असतो, त्याने पीठ परातीला घासत पुढे रगडायचं, गोळा करायचं, पुन्हा रगडायचं. दोन-तीन मिनिटं. कोरडं वाटलं तर पाण्यात बोटं बुडवून तेवढाच ओलावा दे. गोळा लोण्याच्या गोळ्यासारखा गुळगुळीत झाला, दाबल्यावर कड फाटली नाही, की झालं. नवशिकी माणसं नेहमी घट्ट मळतात, कारण पोळीच्या कणकेची सवय. भाकरीचं पीठ त्याहून सैल हवं, हाताला चिकटू पाहील पण चिकटणार नाही इतकं.

पीठ थोडं विरी गेलेलं असेल तर परातीत नाही, पातेल्यात उकड काढ. वाटीभर पाणी खळखळ उकळलं की चिमूट मीठ टाकून त्यात वाटीभर पीठ घाल, उलथन्याच्या दांड्याने ढवळ, शेगडी बंद, झाकण, पाच-सात मिनिटं. मग गरम असतानाच मळ. झाकून ठेवायची सवलत भाकरीला मिळते ती इथेच, आणि तीही उकड शिजावी म्हणून.

मळलेला उंडा दोन्ही तळहातांत गोल फिरवून चपटा कर. परातीत किंवा ओट्यावर कोरडं पीठ पसर, त्यावर उंडा ठेव. थापायचं बोटांनी, तळहाताने नाही. हाताची बोटं जुळवून हलक्या हाताने मधून कडेकडे थापत जायचं, आणि प्रत्येक थापेबरोबर भाकरी आपोआप थोडी फिरली पाहिजे. ती फिरते म्हणजे खाली पीठ पुरेसं आहे. अडली तर लगेच उचलून खाली चिमूटभर पीठ सार. दुसऱ्या हाताच्या करंगळीच्या बाजूने कड सावरत राहायचं, चीर दिसली की तिथल्या तिथे दाबून बुजवायची. मध्ये पातळ आणि कडा जाड अशी थापलीस तर ती कधीच फुगणार नाही. आमच्याकडे आलेल्या मुलींना मी आधी पुरीएवढी भाकरी थापायला लावते. तूही आठवडाभर वीतभरापेक्षा मोठी करू नकोस. आजीच्या परातभर भाकरीची बरोबरी नंतर.

आणि लाटलीस तर? काही पाप नाही. उकडीचं पीठ लाटण्याखाली चांगलं वागतं. प्लास्टिकच्या जाड कागदावर ठेवून थापलीस तरी चालेल, उचलायला सोपं जातं. जे लोक ‘लाटलेली ती भाकरीच नव्हे’ म्हणतात, त्यांना मी दीडशे भाकऱ्यांची गोष्ट सांगते. मात्र परातीत नीट थापलेल्या भाकरीला जो हलकेपणा येतो तो लाटलेलीला येत नाही, हेही खरं.

आता तुझे दोन तुकडे झाले ती जागा. भाकरी कडेला धरून उचलायची नाही. एका हाताची बोटं खाली सरकव, दुसऱ्या हाताने अलगद त्या तळहातावर पालथी घे आणि तव्याच्या जवळ नेऊन उतरव. पिठाची बाजू वर आली पाहिजे. वरून फेकलीस तर खाली हवा कोंडते. लगेच, म्हणजे दोन श्वासांच्या आत, वरच्या पिठाच्या बाजूवर पाण्याचा हात फिरव. बोटांना चटका बसेल अशी भीती वाटते, म्हणून सुरुवातीला ओल्या फडक्याची घडी वापर. हे पाणी सगळीकडे लागलं पाहिजे, कडेपर्यंत. कोरडं पीठ तसंच राहिलं तर ते करपतं आणि वरचा थर वाळून तडकतो. तडकलेल्या भाकरीतून वाफ निघून जाते, मग फुगणार कशी?

मग उलटायची वेळ, आणि अख्ख्या भाकरीतला हा एक क्षण मला शब्दांत नीट सांगता येत नाही. राजकारणातली माणसं भाकरी फिरवण्याच्या गोष्टी फार करतात, पण नेमकी कधी फिरवायची हे त्यांच्यातल्या एकालाही माहीत असेल असं वाटत नाही. वर लावलेल्या पाण्याची चकाकी जायला लागते, पृष्ठभाग ओलसर असतो पण त्यावर पाणी उभं नसतं, तेव्हा. तापल्या तव्यावर हे साधारण अर्ध्या मिनिटात होतं. पूर्ण वाळेपर्यंत थांबलास तर गेलं. उलटल्यावर ही दुसरी बाजू मात्र नीट भाजू दे, मिनिट-दीड मिनिट, उलथन्याने जागा बदलत, तपकिरी ठिपके येईपर्यंत. गॅस असेल तर यानंतर तवा बाजूला करून पहिली बाजू थेट जाळावर धरतात आणि भाकरी टम्म फुगते. चुलीवर तिला आराच्या कडेला उभी टेकवायचे, त्या खरपूसपणाला तोड नाही, पण तो विषय वेगळा.

तुझ्याकडे जाळ नाही. काही बिघडत नाही. पहिली बाजू पुन्हा तव्यावर घे आणि सुती फडक्याची जाड घडी करून कडेकडेने हलकं दाबत भाकरी फिरव. एका बाजूला दाबलं की वाफ दुसरीकडे पळते आणि पापुद्रा सुटत जातो. टम्म नाही झाली, अर्धी फुगली तरी आतून शिजली म्हणून समज. काचेच्या शेगडीवर थेट जाळी ठेवून भाकरी भाजायच्या भानगडीत पडू नकोस, काचेवर ओरखडे येतात. तवा सपाट बुडाचा, बिडाचा घे. खोलगट तव्याचं बूड काचेला पूर्ण टेकत नाही, तो मधेच तापतो आणि कडा कच्च्या राहतात. नॉनस्टिक नको. भाकरीला तवा कडक तापवावा लागतो आणि रिकामा नॉनस्टिक तवा एवढा तापवणं त्याच्या लेपाला आणि तुलाही बरं नाही. विजेची शेगडी सावकाश तापते आणि सावकाश निवते, हे लक्षात ठेवून तवा आठ-दहा मिनिटं आधी चढव. पाण्याचे थेंब शिंपडल्यावर ते नाचत नाचत उडून गेले की तयार. मला कोणी विचारलं तर मी सांगेन दोन चुली वापर: एक मोठ्या आचेवर, एक मध्यम, आणि बटणाशी झटापट करण्यापेक्षा तवाच इकडून तिकडे हलव.

निवल्यावर खापर झाली, त्याची कारणं दोन असू शकतात. पीठ घट्ट मळलं होतंस, किंवा तवा गार असल्यामुळे भाकरी तव्यावर फार वेळ बसली आणि भाजण्याऐवजी वाळली. बहुधा दोन्ही. शिवाय शिजलेला स्टार्च निवला की घट्ट होतोच, ताज्या भाकरीसारखी मऊ भाकरी चार तासांनी राहत नाही. तव्यावरून काढली की दोन मिनिटं उभी टेकवून ठेव म्हणजे खालून घाम येणार नाही, मग फडक्यात गुंडाळून डब्यात. डब्याला नेताना मी वाटीभर पिठाला चमचाभर उडदाचं पीठ घालते. खानदेशात ज्वारी-उडीद एकत्र दळून कळण्याची भाकरी करतात, त्यातलीच ही युक्ती. उडीद चिकट असतो, भाकरी वळते, तुटत नाही. गव्हाचं पीठ मिसळलं तरी काम सोपं होतं, पण घरात कोणाला गहू चालत नसेल तर ते अजिबात करू नको आणि गव्हासाठी वापरलेलं लाटणं-पोळपाटही दूर ठेव.

बाजरीला हेच सगळं, फक्त पीठ आणखी ताजं हवं. बाजरीत तेलाचा अंश जास्त, ती ज्वारीच्या आधी कडू होते. भोगीला वरून तीळ लावतात, ते थापताना पाण्याच्या हाताने दाबायचे. तांदळाची भाकरी मात्र उकडीशिवाय करूच नकोस, कोकणातल्या बायकाही उकडच काढतात. नाचणी थापायला त्रास देते, पण उकडीने ताब्यात येते.

पहिल्या आठवड्यात तुझ्या पाचांतल्या तीन तरी भाकऱ्या फुटतील. त्या टाकू नकोस. दुसऱ्या दिवशी हाताने बारीक कुस्कर, वर पाण्याचा नाहीतर ताकाचा शिपका मार. तेलात मोहरी, हिंग, भरपूर लसूण, हिरवी मिरची, कढीपत्ता मिळाला तर तोही, मग कांदा मऊ होईपर्यंत परतून घे आणि त्यात हळद, मीठ, कुस्करा घालून झाकण ठेव. दोन वाफा पुरतात. वर दाण्याचा कूट घालतात काही जण, मी शेंगाचटणी घालते. ही फोडणीची भाकरी आमच्या केंद्रात सकाळी कामाला येणाऱ्या बायकांचा नाश्ता असतो, आणि तिच्यासाठी म्हणून आदल्या दिवशी दोन भाकऱ्या मुद्दाम जास्त थापल्या जातात.